मी धुतलेला स्वेटर

मी एक जुनी कपडे धुण्याची मशीन आहे, मित्रांनो. सध्या माझा मुक्काम मागच्या दाराशी, पत्र्याच्या आडोशाला आहे. घरात माझ्या जागी नवी मशीन आली आहे. काम संपलं की ती गाणं वाजवते. मला असली थेरं कधी जमली नाहीत. माझं काम संपलं की मी एकदा धडधडून गप्प व्हायचे आणि तेवढ्यावर घरातल्या सगळ्यांना कळायचं. आता माझ्या वाट्याला पायपुसणी, चिखलाचे बूट आणि सायकल पुसायची फडकी येतात. तक्रार काही नाही. रिकामा वेळ मात्र भरपूर आहे, म्हणून म्हटलं, तुमच्याशी चार गोष्टी बोलाव्यात. त्यातली एक माझ्या चुकीची आहे आणि ती मी अजून कुणालाच सांगितलेली नाही.

माझा जन्म एका लांबलचक कारखान्यात झाला. एका टोकाने पत्रा आत शिरायचा आणि दुसऱ्या टोकाने आम्ही बहिणी ओळीने बाहेर पडायचो. दाराशी जाड चष्म्याचे एक तपासनीस उभे असत. ते प्रत्येकीत पाणी भरत, बटण दाबत आणि पत्र्याला कान लावून डोळे मिटून ऐकत. माझ्यापाशी ते जरा जास्त वेळ थांबले. शेवटी म्हणाले, "ही थोडी बोलकी आहे. असू दे." मग त्यांनी माझ्या पाठीवर शिक्का मारला आणि माझी रवानगी झाली.

मला वाटलं होतं की एखाद्या चकचकीत दुकानात काचेमागे उभं राहायला मिळेल. पण मला न्यायला आला बालकल्याण कार्यालयाचा टेम्पो. हे कार्यालय काय करतं ते तुम्हाला आधी सांगायला हवं. काही मुलांच्या घरी अशी वेळ येते, की आईवडिलांना काही महिने त्यांना सांभाळता येत नाही. कुणी आजारी पडतं, कुणी मोठ्या अडचणीत सापडतं, तर एखाद्या घरात मुलाला सुरक्षित राहताच येत नाही. अशा मुलांना तेवढ्या काळापुरतं आपल्या घरी ठेवून घेणारी माणसं असतात. मूल त्यांचं होत नाही. ती फक्त त्याला जपतात, आणि वेळ आली की परत देतात. मुलाच्या खर्चासाठी कार्यालय त्यांना दरमहा मदत देतं आणि सुरुवातीला गादी, कपाट असं थोडं सामानही देतं. त्या सामानात मी होते.

मी ज्या घरी आले, तिथल्या बाईंना सगळी मुलं मावशी म्हणत आणि त्यांच्या यजमानांना काका. स्वयंपाकघर आणि न्हाणीघर यांच्या मधल्या बोळात मला जागा मिळाली. जागा अरुंद होती, पण घरातलं प्रत्येक माणूस दिवसातून दहा वेळा माझ्यासमोरून जायचं, त्यामुळे मला सगळं ऐकू यायचं. मावशी घरी बसून कपडे बेतायच्या, उसवायच्या, लांबी कमीजास्त करून द्यायच्या. त्यांचं शिवणयंत्र खिडकीशी खटखटत असायचं आणि मी बोळात घुमत असायचे. आमचं दोघींचं छान जमलं.

मी आले त्याच दिवशी समोरच्या काकू दारात उभ्या राहून मला न्याहाळत होत्या. म्हणाल्या, "पोरं सांभाळायचे पैसे मिळतात म्हणे तुम्हाला. वर आता मशीनसुद्धा?"

मावशी माझ्या पाईपला गुंडाळलेली चिकटपट्टी सोडवत होत्या. मान वर न करता त्या म्हणाल्या, "मिळतात ना. पोरं जेवतात हो, म्हणून."

काकूंनी नाक मुरडलं आणि त्या घरी गेल्या.

आता काकांविषयी सांगते, कारण पुढचं सगळं रामायण त्यांच्या एका खोडीमुळे घडलं. काकांनी तीस वर्षं मोठ्या इस्पितळाच्या धुलाईखान्यात काम केलं होतं. निवृत्त झाले तरी हात स्वस्थ बसेनात. कपडा दिसला की तो पाण्यात गेलाच पाहिजे. एकदा घरी आलेल्या पाहुण्यांनी कोट काढून खुर्चीवर ठेवला, तर ते चहा पिऊन होईपर्यंत काकांनी तो माझ्या पोटात घातला होता. बिचारे पाहुणे काकांचाच कोट घालून परत गेले, आणि तो त्यांना पोटावर बसत नव्हता. मावशी दोन दिवस बोलत नव्हत्या. काका मात्र माझ्या माथ्यावर थाप मारून म्हणाले, "पण डाग कसा गेला बघ कॉलरचा." त्यांना माझ्याशी बोलायची सवय होती. घरात जे कुणाला सांगता येत नसे, ते कपडे भरता भरता मला सांगत. मी तरी काय, ऐकून घेत असे.

या खोडीमुळेच मावशींनी घरात एक नियम केला होता. नवं मूल आलं की त्यानं हातात धरून आणलेल्या वस्तूला पहिले आठ दिवस कुणी पाणी लावायचं नाही. मग ती गोधडी असो, टोपी असो की फाटका रुमाल. काका कुरकुरत. एकदा म्हणाले, "अगं, त्या टोपीला वास मारतोय."

"तुम्हाला मारतोय," मावशी म्हणाल्या. "त्याला त्याच्या घराचा येतोय."

माझ्या उमेदीच्या वर्षांत या घरात किती मुलं येऊन गेली, ते आता नीट आठवतही नाही. दोघे जुळे भाऊ होते. त्यांच्या खिशांतून गोट्या, खिळे आणि एकदा जिवंत गोगलगाय निघाली होती. एक तान्हं बाळ होतं. ते होतं तोवर मला दिवसातून तीन वेळा जुंपलं जायचं आणि दोरीवर दुपट्यांची रांग लागायची. एक मोठा मुलगा आला होता, मिसरूड फुटलेला. तो रोज संध्याकाळी आपला एकुलता एक शर्ट स्वतः माझ्यात टाकायचा आणि तो धुऊन होईस्तोवर उघड्या अंगाने माझ्यासमोर उभा राहायचा. मावशींनी कपाटात चार नवे शर्ट ठेवले होते. त्यांना हात लावायला त्याला तीन आठवडे लागले. ज्या दिवशी त्यानं पहिला नवा शर्ट घातला, त्या दिवशी मावशींनी काहीच न बघितल्यासारखं केलं, आणि मग बोळात येऊन डोळे पुसले. असे दिवस होते ते. मी थकायचे, पण झोप छान लागायची.

आणि मग भिंगरी आली.

ती पाचेक वर्षांची असेल. कार्यालयातल्या ताई तिला घेऊन आल्या, तेव्हा तिनं एक मोठा तपकिरी स्वेटर कमरेभोवती गुंडाळला होता आणि त्याच्या बाह्यांची गाठ दोन्ही मुठींत घट्ट धरली होती. स्वेटर तिच्या आईचा होता. आई बिस्किटांच्या कारखान्यात कामाला होती आणि तिच्या छातीचा आजार बळावला होता. इस्पितळात बरेच महिने राहावं लागणार होतं. जवळचं असं दुसरं कुणी नव्हतं. आजार दुसऱ्याला लागण्यासारखा नव्हता, पण त्या विभागात लहान मुलांना आत सोडत नसत. फोन करावा तर दोन वाक्यांत आईला धाप लागायची आणि भिंगरी फोन कानाला लावून नुसती उभी राहायची.

पहिले काही दिवस ती कुणाशीच बोलली नाही. सकाळी उठली की माझ्यासमोर फतकल मारून बसायची, काचेला नाक लावायची आणि आत फिरणाऱ्या कपड्यांमागे बोट फिरवत राहायची. काका म्हणाले, "ही तर भिंगरीच आहे." ती हसली नाही, पण नाव तिनं ठेवून घेतलं. तिच्या श्वासानं माझी काच धुरकट व्हायची आणि मला ते फार आवडायचं. इतकी वर्षं लोक माझ्या आत कपडे टाकत आले, पण माझ्याकडे बघत बसणारं माणूस मला पहिल्यांदाच भेटलं होतं.

झोपताना ती स्वेटरच्या बाहीत तोंड खुपसायची. त्या लोकरीत भाजलेल्या पिठाचा, साखरेचा आणि तिच्या आईच्या अंगाचा वास होता. एकदा ताई मावशींना हळूच म्हणाल्या, "तिची आई मला दर वेळी एकच विचारते. म्हणते, इतक्या महिन्यांनी मला ओळखेल ना ती? या वयाची मुलं विसरतात हो मावशी. मग परत नेताना फार जड जातं." मावशींनी आत झोपलेल्या मुलीकडे बघितलं आणि म्हणाल्या, "तो स्वेटर आहे ना, तोवर नाही विसरणार."

हे बोलणं झालं तेव्हा काका बाजारात गेले होते. मी मात्र तिथेच होते, मित्रांनो. मी ते स्पष्ट ऐकलं होतं.

भिंगरीला येऊन दीड महिना झाला. एक दिवस कार्यालयानं मुलं सांभाळणाऱ्या घरांसाठी दिवसभराचं प्रशिक्षण ठेवलं आणि मावशी सकाळीच गेल्या. ऊन छान पडलं होतं. भिंगरी पहिल्यांदाच स्वतःहून अंगणात समोरच्या काकूंच्या नातीबरोबर खेळायला गेली आणि उकडलं म्हणून स्वेटर खुर्चीवर ठेवून गेली. त्यावर दूध सांडलं होतं, डिंक लागला होता, कोपराला चिखल वाळला होता. काका दोनदा त्याच्यासमोरून गेले. तिसऱ्यांदा थांबले. मला म्हणाले, "आठ दिवस म्हणाली होती. आठ दिवस कधीच झाले. पोर आजारी पडेल अशानं."

आणि त्यांनी तो माझ्यात टाकला.

मी यंत्र आहे, बटण दाबलं की मला फिरावंच लागतं, असं सांगून मला हात झटकता येतील. पण त्या दिवशीचं खरं मला ठाऊक आहे. मला लोकर धुवायला आवडते. क्वचित मिळते ती. मी कोमट पाणी घेतलं, अगदी हलक्या हातानं फिरले, पाणी गढूळ झालेलं बघून मला धन्य वाटलं, आणि एका धाग्यालाही धक्का न लावता मी तो स्वेटर बाहेर दिला. काकांनी तो उलटासुलटा करून बघितला. "नव्यासारखा," ते म्हणाले. मी धुतल्या तांदळासारखी नाही, मित्रांनो. त्या क्षणी मला अभिमान वाटला होता.

दुपारी भिंगरी घरात आली. काकांनी तो उन्हात वाळलेला, मऊ, घडी केलेला स्वेटर तिच्या हातात दिला. तिनं बाहीत तोंड खुपसलं. मग दुसरी बाही घेतली. मग आतला भाग उलटून बघितला. तिनं घडी जशीच्या तशी काकांना परत केली आणि म्हणाली, "हा माझा नाही."

"अगं, तुझाच आहे. धुतलाय फक्त."

"माझा आणा." ती बोळात आली, माझं दार उघडलं आणि डोकं आत घालून वास घेऊ लागली. मी रिकामी होते. साबणाखेरीज माझ्यात काही नव्हतं. "यात राहिला असेल माझा," ती म्हणाली.

काकांच्या तेव्हा ध्यानात आलं. ते तिच्यासमोर खाली बसले. मग म्हणाले, "चुकलं माझं. मला धुण्याची खोड आहे, बाळा."

भिंगरीनं त्यांच्याकडे बघितलं. ती रडत नव्हती. तिनं अगदी समजूतदारपणे सांगितलं, "मग परत मळवा."

कपड्यातला मळ कसा काढायचा, हे काका तीस वर्षं लोकांना शिकवत आले होते. तो परत कसा घालायचा, हे त्यांना ठाऊक नव्हतं. मलाही नव्हतं.

संध्याकाळी मावशी आल्या. दोरीवरचे चिमटे, खुर्चीवरची घडी आणि भिंतीकडे तोंड करून बसलेली मुलगी, हे त्यांनी एका नजरेत बघितलं. "अहो, काय केलंत हे?" एवढंच त्या म्हणाल्या.

"आठ दिवस म्हणाली होतीस ना?"

"आठ दिवस तुमच्यासाठी होते. त्याहून जास्त तुम्हाला धीर धरवत नाही म्हणून." आणि त्याही तिथेच जमिनीवर बसल्या.

पुढचे दिवस वाईट गेले. भिंगरी दोन घास खाऊन उठायची. आईचा फोन आला की हात मागे घ्यायची. माझ्यासमोर बसायची तिनं सोडून दिलं. माझी काच स्वच्छ राहू लागली आणि ते मला बघवत नव्हतं. आठवड्याच्या भेटीला ताई आल्या, तेव्हा काकांनी आपण होऊन सगळं सांगितलं. सांगताना ते घाबरले होते, हे मला माहीत आहे, कारण सकाळीच ते मला म्हणाले होते, "नेतील बहुतेक पोरीला इथून."

ताई म्हणाल्या, "काका, एवढ्यावरून कुणी मूल हलवत नाही. पण मुलगी आईपासून तुटायला लागलीय. काहीतरी करायला हवं."

काका दुसऱ्याच दिवशी इस्पितळात गेले. धुलाईखान्याच्या मागच्या दाराने गेले, तिथले सगळे ओळखीचे होते. तिथे काय झालं ते त्यांनी परत आल्यावर बोळात उभ्याउभ्या मावशींना सांगितलं. भिंगरीची आई खाटेवर बसली होती. काकांनी नमस्कार केला आणि लगेच म्हणाले, "मी तुमचा स्वेटर धुतला. तिला त्यात तुमचा वास येईना."

आई हसली, आणि हसता हसता खोकली. "चार महिने मी स्वतःच धुतला नव्हता तो," ती म्हणाली. "तुमच्याकडे पाठवताना लाज वाटली होती मला."

"आता काय करू, ते सांगा."

"कारखान्यात माझा एप्रन खुंटीला असेल. कुणी धुतला नसेल तर बघा." मग तिनं गळ्यातला रुमाल सोडला. निळा, सुती, तिचा स्वतःचा. "आणि हाही न्या. याला औषधाचा वास येतो. तिला आवडणार नाही. पण आता मी घरी येईन ती अशीच येईन ना, काका? तिला सवय होऊ दे."

तिथून काका थेट कारखान्यात गेले. एप्रन खुंटीला होता. पिठानं कडक झालेला, खिशाशी चिकट, गळ्यापाशी काळपट. तिथली एक बाई संकोचून म्हणाली, "थांबा, जरा धुऊन देते." आणि आयुष्यात पहिल्यांदा काकांच्या तोंडून शब्द निघाले, "नको, नको. धुऊ नका." त्यांनी तो पिशवीत घातला, पिशवीला गाठ मारली आणि गावभरातून पायी घेऊन आले. वाटेत लोकांचा धक्का लागू नये म्हणून छातीशी धरून आले.

भिंगरीनं एप्रन हातात घेतला. गळ्यापाशी नाक नेलं. तो अंगाभोवती गुंडाळून ती भरदुपारी पलंगावर आडवी झाली आणि अंधार पडेपर्यंत झोपली. बोळात काका माझ्या माथ्यावर डोकं टेकून उभे होते. त्यांच्या जिवात जीव आला होता, आणि माझ्याही.

रुमालाचं मात्र सोपं नव्हतं. "हा आईचा नाही," ती म्हणाली. "औषधाचा आहे."

मावशींनी तिला मांडीवर घेतलं. "आईचाच आहे. आई बरी व्हायला औषध घेते, म्हणून तिला असा वास येतो." भिंगरीनं रुमाल उशीच्या पार दुसऱ्या टोकाला ठेवला. पुढच्या रविवारी काका दुसरा रुमाल घेऊन आले, आणि जाताना भिंगरीचा घातलेला फ्रॉक घेऊन गेले. तो आईनं मागितला होता. मग हा रिवाजच पडला. रविवारी सकाळी काका दोन गाठी मारलेल्या पिशव्या घेऊन निघायचे आणि दोन घेऊन परत यायचे. त्या पिशव्यांतला एकही कपडा कधी माझ्याकडे आला नाही. रुमाल हळूहळू उशीच्या अलीकडे सरकत आला. एका सकाळी मावशींनी बघितलं, तर एप्रन पायाशी पडला होता आणि रुमाल भिंगरीच्या मुठीत होता. फोन आला की ती बोलू लागली. एकदा तर तिनं आईला विचारलं, "आज कडू घेतलंस की गोड?"

ती पुन्हा माझ्यासमोर येऊन बसू लागली. आता ती मला रागवायचीसुद्धा. "हळू फिर," म्हणायची, "चक्कर येईल मोज्यांना." माझ्या आयुष्यातले सगळ्यांत सुखाचे दिवस कुठले, असं कुणी विचारलं, तर मी तेच सांगेन.

भिंगरीला येऊन पाच महिने झाले. आई बरी होत आली, पण डॉक्टरांनी बजावलं, की वर्षभर पिठाच्या धुळीत जायचं नाही. म्हणजे कारखाना बंद. मग घर चालणार कशावर आणि मुलीला नेणार कुठे? ताई मावशी-काकांना म्हणाल्या, "आईला सांभाळणं जमलंच नाही, तर पुढे कधीतरी दत्तक देण्याचा विचार करावा लागेल. तशी वेळ आली तर पहिल्यांदा तुम्हाला विचारू." दुसऱ्या दिवशी कपडे भरताना काका मला म्हणाले, "राहिली असती तर." त्यांनी वाक्य पुरं केलं नाही. मीही मनातल्या मनात तेच म्हणत होते.

मावशींनी त्याच संध्याकाळी चष्मा पुसला आणि ताईंना फोन लावला. "आम्हाला तिच्यासाठी मदत मिळते ना, ताई? मग तीच मदत तिच्या आईला का मिळू नये? मूल तर तेच आहे."

ताई म्हणाल्या, की अशी योजना आहे, अर्ज करावा लागतो, कागद बरेच लागतात. मग मावशी शिवण बाजूला ठेवून रोज इस्पितळात जाऊ लागल्या. आईच्या खाटेशेजारी बसून त्यांनी तिचा अर्ज भरला, दाखले गोळा केले, सही कुठे करायची ते बोटानं दाखवलं. काका मला म्हणाले, "ही आपल्या हातानं पोरीला घालवतेय." आणि थोड्या वेळानं म्हणाले, "बरोबरच करतेय."

अर्ज मंजूर झाला. आई घेऊन जायला आली तो दिवस मला लख्ख आठवतो. ती फार वाळली होती. केस बारीक कापलेले होते. सहा महिन्यांत माणूस किती बदलतं. भिंगरी माझ्या आणि भिंतीच्या फटीत शिरली आणि माझ्या पत्र्याला गच्च धरून उभी राहिली. मावशींनी तिला ओढलं नाही. आईनंही हाक मारली नाही. ती बोळाच्या तोंडाशी खाली जमिनीवर बसली आणि वाट बघत राहिली.

खूप वेळानं भिंगरी बाहेर आली. दोन पावलांवर थांबली. मग वाकून तिनं आईच्या गळ्याशी नाक नेलं.

"औषधाचा वास," ती म्हणाली.

आईचा चेहरा पडला. भिंगरीनं पुन्हा एकदा वास घेतला, दोन्ही हात तिच्या गळ्यात टाकले आणि आमच्या सगळ्यांकडे बघून सांगितलं, "ही माझी आई आहे."

अर्ध्या तासात त्या निघाल्या. भिंगरी आईचं बोट धरून एकसारखी बोलत होती. नवीन घराला खिडकी आहे का, तिथे मशीन आहे का, समोर कुणाची नात आहे का. काका फाटकाशी हात वर करून उभे होते. ती गल्लीच्या टोकाला पोचली, वळली आणि दिसेनाशी झाली.

काका आत आले. "एकदा तरी मागे वळून बघेल असं वाटलं होतं," ते म्हणाले.

"नाही बघितलं ना?" मावशी म्हणाल्या. "मग झालं आपलं काम नीट." एवढं बोलून त्या बोळात आल्या, माझ्या माथ्यावर दोन्ही हात ठेवले आणि लहान मुलीसारख्या हुंदके देऊन रडल्या. काकांनी मला चालू केलं. समोरच्या काकूंना ऐकू जाऊ नये म्हणून. मी त्या दिवशी आवाजाची कसर ठेवली नाही.

मित्रांनो, त्याला आता बरीच वर्षं झाली. माझं रबर फाटलं, पट्टा सैल झाला, आणि मी मागच्या दाराशी आले. आत अजून मुलं येतात, राहतात आणि जातात. तुमच्या वर्गातही असं एखादं मूल असेल, जे सध्या दुसऱ्याच्या घरी राहतं. त्याला कुणी पैशासाठी ठेवून घेतलंय, असं म्हणू नका. त्याच्या हातात एखादी मळकी, वास येणारी वस्तू दिसली तर तोंड वाकडं करू नका. आणि तुमच्या घरात असं मूल आलं, तर त्याची कुठलीही वस्तू धुण्याआधी, टाकण्याआधी, नीटनेटकी करण्याआधी त्याला विचारा. मीही त्या दिवशी विचारायला हवं होतं. मला तोंड नव्हतं. तुम्हाला आहे.